चार हजार यंत्रं, एक डावा पाय

गोविंदा ढुमणेची डावी चप्पल नेहमी उजवीच्या आधी झिजायची, आणि तीसुद्धा फक्त टाचेपाशी. उजवी जशीच्या तशी. डावीच्या टाचेत मात्र चार-सहा महिन्यांत आडवी खाच पडलेली. यवतमाळच्या बसस्टँडजवळ चपला दुरुस्त करायला बसणाऱ्या म्हाताऱ्याने त्या टाचेवर टायरचे किती तुकडे ठोकले असतील, त्याची गणती नाही. तुम्ही लंगडी खेळता काय, असं तो दर वेळी विचारायचा आणि गोविंदा दर वेळी हसून विषय बदलायचा. बारा वर्षं त्याने ही गोष्ट कुणालाच सांगितली नव्हती, बायकोलाही नाही.

दोन हजार सहा सालच्या नोव्हेंबरातल्या एका सकाळी त्या चपला दारातून गायब झाल्या. त्यांच्या जागी काळे, चकचकीत, नाड्यांचे बूट ठेवलेले होते. गोविंदाने आधी दाराबाहेर पाहिलं, मग मोरीत पाहिलं, मग खाटेखाली वाकून पाहिलं आणि शेवटी चुलीपुढे बसलेल्या मथुराबाईला विचारलं.

"माह्या चपला कुठी हायेत?"

"फेकल्या," तव्यावरची भाकर उलटत मथुराबाई म्हणाली. "मंत्र्याच्या कार्यक्रमाले कोनी टायरच्या चपला घालून जाते काय? स्टेजवर बसाचं हाय तुमाले."

गोविंदाने त्याच चपला कशा आरामशीर आहेत ते सांगितलं, बूट चावतात ते सांगितलं, आपण काही नवरदेव नाही हेही सांगून पाहिलं. खरं कारण तेवढं सांगितलं नाही. मारेगावची बस पाऊण तासात सुटणार होती. शेवटी तो बूट घालून, बूट घातलेल्या माणसासारखा चालत, बायकोच्या मागे बसस्टँडकडे निघाला. मथुराबाईच्या काखेत तिची कापडी पिशवी होती.

आता हे मंत्री कोण, ते सांगायला हवं. मंत्री म्हणजे वामनराव पांढरीपांडे. पण गोविंदाच्या तोंडी ते कायम 'सर'च राहिले, कारण एकतीस वर्षं ते कॉलेजात यंत्रशास्त्राचे प्राध्यापक होते आणि त्यातली सत्तावीस वर्षं गोविंदा त्यांच्या प्रयोगशाळेत अटेंडंट होता. सर अतिशय विद्वान. फळ्यावर लिहायला लागले की दोन्ही हातांना, नाकाला आणि कधी कधी कानामागेही खडू लागलेला असायचा. यंत्राकडे पाठ आणि मुलांकडे तोंड करून ते असं काही समजावून सांगायचे, की मागचं यंत्र चालू आहे की बंद, याकडे कुणाचं लक्षच जायचं नाही. त्यांचंही नाही.

ते लक्ष ठेवायला गोविंदा होता. कॉलेजच्या प्रयोगशाळेत प्रत्येक यंत्राची एक खोड असते. ती पुस्तकात नसते; अटेंडंटला ठाऊक असते. कुठल्या मीटरला टिचकी मारली की काटा हलतो, कुठल्या पंपाला सुरू करण्याआधी तांब्याभर पाणी पाजावं लागतं, कुठल्या मोटारीला खाली पुठ्ठा सारावा लागतो, हे सगळं गोविंदाच्या हातात होतं. यात त्याला लबाडी कधी वाटली नाही. यंत्राला तेल लागतं, तसं हेही लागतं, आणि लागतं ते देणं हे आपलं काम, एवढंच त्याला ठाऊक होतं.

सरांच्या आयुष्यातलं सगळ्यात लाडकं यंत्र म्हणजे कापूस वेचणीचं. दोन चाकांचा गाडा, त्यावर छोटं इंजिन, पट्ट्याने फिरणारा पंखा आणि पाच लांब नळ्या. नळीचं तोंड बोंडाजवळ नेलं की कापूस ओढला जाऊन मागच्या पोत्यात पडायचा. सरांनी त्याला बायकोचं नाव दिलं होतं. 'कुंदा-एक' प्रयोगशाळेतच पेटलं, तेव्हा कुंदावहिनी काही बोलल्या नाहीत. नव्यालाही 'कुंदा-दोन' नाव दिलं, तेव्हा मात्र त्यांनी विचारलं, की ह्याचा विमा तरी उतरवलाय का.

कुंदा-दोन पेटलं नाही, पण त्याला एक खोड होती. तिसऱ्या-चौथ्या मिनिटाला इंजिन तापलं की पट्टा सैल व्हायचा आणि घसरायला लागायचा. पट्टा ताणून धरायला सरांनी एक छोटी पुली आणि स्प्रिंग बसवली होती; पण ती तापून ढिली व्हायची, आणि गोविंदाने गुपचूप बसवून पाहिलेली जाड स्प्रिंग पट्टाच तोडून टाकायची. हे सरांना कळण्याआधीच नागपूरचं प्रदर्शन आलं. परीक्षक समोर उभे, सर त्यांना समजावून सांगताहेत, आणि पट्टा किरकिरायला लागला. गोविंदा खाकी कपड्यांत यंत्राच्या डाव्या अंगाला उभा होता. त्याने काही विचार केला नाही. हात मागे बांधले, तोंड झेंडावंदनासारखं सरळ ठेवलं आणि डाव्या चपलेची टाच त्या पुलीवर दाबली. पट्टा ताणला गेला. यंत्र पंचवीस मिनिटं चाललं आणि सरांना पहिलं बक्षीस मिळालं.

संध्याकाळी सांगू, असं गोविंदाने ठरवलं होतं. संध्याकाळी सर पेढ्यांचा पुडा घेऊन त्याच्याकडे आले आणि त्याचा हात हातात घेऊन म्हणाले, की गोविंदा, तू शेजारी उभा असलास ना, की मला धीर येतो. मग सांगणं राहून गेलं, ते राहिलंच.

त्यानंतर जिथे जिथे कुंदा-दोन गेलं, तिथे तिथे गोविंदा डाव्या अंगाला उभा राहिला. बक्षिसावरून सरांचा पेपरात फोटो आला, फोटोवरून विद्यापीठाच्या समित्या आल्या. मग कापसाची ती वाईट वर्षं आली. जिल्ह्यात मुंबई-दिल्लीच्या गाड्यांची रीघ लागली; माणसं यायची, बांधावर उभी राहायची, मान हलवायची आणि धूळ उडवत परत जायची. अशा वेळी सरकारलाही आपल्यात कुणीतरी यवतमाळचा, शिकलेला आणि कापसाचं काहीतरी केलेला माणूस असावा, असं वाटलं. सरांना विधान परिषदेवर घेतलं आणि सहा महिन्यांत विज्ञान खात्याचं राज्यमंत्रीपद दिलं. खातं इतकं लहान होतं, म्हणे, की तिथे फाईल हरवायलाही जागा नव्हती. तरी यवतमाळात पेढे वाटले गेले. गोविंदाने तर पोस्टमनलाही हात धरून घरात नेऊन खायला घातले.

आणि आता सरांनी योजना आखली होती: गावोगाव मिळून चार हजार वेचणी यंत्रं द्यायची. त्याआधी समितीपुढे चाचणी घ्यायची. मारेगावजवळच्या एका शेतात, सलग वीस मिनिटं. सरांनी स्वतः फोन करून गोविंदाला बोलावलं होतं. तू यायलाच हवंस, म्हणाले होते.

बस जोडमोह्याच्या पुढे गेली, तेव्हा गोविंदाला राहवेना. बारा वर्षांची गोष्ट त्याने हलक्या आवाजात बायकोला सांगून टाकली. बुटाचा तळवा गुळगुळीत आहे, पुलीवर ठरणार नाही. टायरचा तळवाच धरून ठेवतो. म्हणून त्या चपला हव्या होत्या. मथुराबाई खिडकीबाहेर बघत ऐकत होती. कपाशीची शेतं मागे जात होती. मोहदा गेलं. करंजीला बस थांबली, चढणारे चढले, उतरणारे उतरले, बस पुन्हा सुरू झाली, तेव्हा कुठे ती बोलली.

"किती मशिनी घेऊन राह्यलं सरकार?"

"चार हजार."

"अन् तुमाले पाय किती हायेत?"

गोविंदा आधी हसला. मग त्याचं हसू हळूहळू ओसरलं. बारा वर्षांत हा हिशोब त्याच्या डोक्यात आलाच नव्हता. त्याच्या लेखी यंत्र एकच होतं, सर एकच होते आणि पाय एक पुरत होता. मारेगाव येईपर्यंत तो आपल्या डाव्या बुटाकडे बघत राहिला. मथुराबाईने मांडीवरच्या पिशवीचे बंद तेवढे घट्ट धरले होते.

शेतावर मांडव घातला होता. बाजूला कपाशीच्या ओळी, म्हणजे तास, दुसऱ्या वेचणीला आलेले, पांढरेशुभ्र. कापूस वेचायची ओटी कमरेला बांधलेल्या पाच बाया नळ्या धरायला उभ्या होत्या. त्यांच्यात पुढे तांड्यावरची रामीबाई होती. मुंबईहून आलेले सचिव आणि समितीचे सहा जण पहिल्या रांगेत बसले होते. तहसीलदार हातात कागद घेऊन इकडून तिकडे फिरत होते. कार्यक्रमात कुठे काही राहून जाईल या काळजीने त्यांचा चेहरा बारीक झाला होता.

सर गाडीतून उतरले ते थेट गोविंदाकडेच आले.

"आलास? आता मला काळजी नाही," ते म्हणाले, आणि त्यांनी बुटांकडे बघून मान डोलावली. "वा, शोभतात हो तुला."

गोविंदाचे डोळे भरून आले. त्याने मनाशी ठरवून टाकलं, की आजचा दिवस निभावून न्यायचा. चार हजारांचं पुढे बघू.

त्याने लगेच हालचाल सुरू केली. आधी सरांच्या ड्रायव्हरला गाठलं, पण त्याच्या पायातही बूट. तहसीलच्या शिपायाच्या पायात चपला होत्या. पण त्या मऊ फोमच्या, दोन मिनिटांत वितळून पुलीला चिकटल्या असत्या. मग तो कुणाचं लक्ष नाही असं बघून यंत्राशी गेला आणि बंद पुलीवरच बूट ठेवून पाहिला. बूट सर्रकन खाली आला. तेवढ्यात तहसीलदारांनी त्याला दंडाला धरलं. कागदाप्रमाणे यंत्राजवळ फक्त मंत्री, समिती आणि चालक. ढुमणे यांचं नाव दुसऱ्या पानावर, सत्कारमूर्तींत.

गोविंदाला स्टेजवर बसवण्यात आलं. सरांनी भाषणात त्याचं नाव तीनदा घेतलं. माझ्या प्रत्येक यशात माझ्या शेजारी उभा असलेला माणूस, असं म्हटलं. ते किती खरं होतं, हे तिथे फक्त नवरा-बायकोलाच ठाऊक होतं. मग गोविंदाच्या अंगावर शाल आली, हातात नारळ आला, आणि यंत्र सुरू झालं.

सुरुवात उत्तम झाली. रामीबाईने नळी बोंडापाशी नेली, कापूस सुळकन आत गेला, मांडवात टाळ्या पडल्या. सर समितीकडे तोंड करून, यंत्राकडे पाठ करून, पंख्याचे फेरे समजावून सांगत होते. तिसरं मिनिट संपलं आणि पट्टा किरकिरला. तो आवाज दीडशे माणसांत एकट्या गोविंदाला कळला. सरांना आवाज ऐकू आला नाही. पण बोलता बोलता सवयीने त्यांनी डावीकडे पाहिलं आणि ती जागा रिकामी दिसली. ते वाक्य विसरले. सरांना वाक्य विसरताना आजवर कुणी पाहिलं नव्हतं.

"गोविंदा," त्यांनी स्टेजकडे बघून हाक मारली, "अरे, तू तिकडे काय करतोस? इकडे ये ना."

मंत्र्यांनीच बोलावल्यावर तहसीलदारांचा कागद काय करणार. गोविंदा अंगावर शाल आणि हातात नारळ घेऊन आपल्या जागी जाऊन उभा राहिला. तोंड झेंडावंदनासारखं केलं आणि डावा बूट पुलीवर ठेवला. बूट घसरला. पुन्हा ठेवला, पुन्हा घसरला. पट्टा आता चांगलाच ओरडायला लागला होता. त्याने बायांच्या रांगेत बसलेल्या मथुराबाईकडे पाहिलं. तिने मांडीवरची पिशवी दोन्ही हातांनी पोटाशी धरली होती. ती त्याच्याकडेच बघत होती, पण जागची हलली नाही.

दुसरा इलाज नव्हता. नारळ ठेवायला कुठे जागा नाही म्हणून गोविंदाने तो यंत्रापुढे जमिनीवर ठेवला. शाल काढून, घडी करून नारळाशेजारी ठेवली. आणि मग खाली बसून तो बुटाच्या नाड्या सोडायला लागला.

सचिवांनी हे पाहिलं आणि तहसीलदारांच्या कानाशी लागून विचारलं, की काय चाललंय. तहसीलदारांना काहीच कल्पना नव्हती. पण 'माहीत नाही' हे उत्तर त्यांनी नोकरीत आजवर कधी दिलं नव्हतं.

"यंत्रपूजा, सर," ते म्हणाले. "इकडची पद्धत आहे."

स्थानिक भावनांचा आदर राखा, असं सचिवांना मुंबईहून निघतानाच सांगितलेलं होतं. ते उठले आणि त्यांनी बूट काढले. सचिवांनी काढले म्हणून समितीने काढले. समितीने काढले म्हणून सगळा मांडव अनवाणी झाला. सर पक्के विज्ञाननिष्ठ, घराच्या वास्तुशांतीलाही ते गच्चीवर जाऊन बसले होते. पण सगळ्यांचेच पाय मोकळे दिसल्यावर हे कार्यक्रमपत्रिकेत असणार, असं समजून त्यांनीही सँडल काढल्या. शेताच्या कडेच्या त्या धुऱ्यावर गोखरूचे काटे कसे असतात, हे मारेगावच्या माणसांना सांगायला नको. मुंबईच्या माणसांना ते अर्ध्या मिनिटात कळलं. सचिव एका पायावर उभे राहिले आणि पडू नये म्हणून त्यांनी समितीच्या सदस्याचा खांदा धरला. सदस्यही एका पायावरच होता. तेवढ्यात तहसीलदारांनी, पूजा अर्धवट नको म्हणून, पुढे होऊन नारळ फोडला.

या सगळ्या गडबडीत गोविंदाचा एक बूट निघाला. त्याने उघडी टाच पुलीवर ठेवली. पुली तापली होती. मस्तकात कळ गेली. पण पट्टा ताणला गेला, आवाज थांबला आणि कुंदा-दोन असं चालायला लागलं, की काही झालंच नव्हतं. कापूस पोत्यात पडू लागला. सरांना वाक्य आठवलं. पाच मिनिटं झाली, सहा झाली. सर हात हलवून सचिवांना सांगत होते, की येत्या हंगामाच्या आत चारही हजार यंत्रं गावोगाव पोचली पाहिजेत. त्यांच्या नाकाला कसलीशी पांढरी धूळ लागली होती. आज खडू नसून ती कापसाची होती, एवढाच फरक.

गोविंदा ते बघत होता. चटका तो सोसू शकला असता. याहून जास्त सोसलेलं होतं. पण बसमधला बायकोचा प्रश्न काही डोक्यातून जात नव्हता. झरीकडे एक यंत्र जाईल, राळेगावकडे एक जाईल, चौथ्या मिनिटाला बंद पडेल. बायका नळ्या टाकून हसतील. मग कुणीतरी चिडून विचारेल, की हे असलं यंत्र दिलं कोणी. आणि चार हजार ठिकाणी सरांच्या नावाने बोटं मोडली जातील. तिथे सरांच्या शेजारी कोण असणार? सरांची फजिती व्हायचीच असेल, तर ती आपण जवळ असताना व्हावी, परक्या गावात नको.

त्याने पाय काढून घेतला.

पट्टा किंचाळला, पंखा मंद झाला, नळ्यांच्या तोंडातून अर्धा आत गेलेला कापूस लोंबत राहिला आणि कुंदा-दोन थांबलं. सर बोलायचे थांबून वळले. आयुष्यात पहिल्यांदाच त्यांची पाठ लोकांकडे आणि तोंड यंत्राकडे झालं.

"काय झालं रे?"

"सर, थे मशीन माह्या पायावर चालते," गोविंदा म्हणाला. त्याचा आवाज फार मोठा नव्हता, पण पहिल्या दोन रांगांना ऐकू गेला.

सर धोतराचा सोगा सावरून खाली वाकले, तरी दिसेना म्हणून गुडघ्यांवर बसले, आणि पत्र्याच्या झाकणाखाली डोकं घालून त्यांनी पाहिलं. पुलीच्या कडेला बारा वर्षांच्या टायरचा काळा थर बसला होता. त्यांनी त्यावर बोट फिरवलं, बोट नाकाशी नेऊन वास घेतला. मग तसंच खाली बसून त्यांनी गोविंदाच्या टाचेकडे पाहिलं. ती लालभडक झाली होती.

"कधीपासून?"

"नागपूरपासून जी."

"मला सांगितलं का नाहीस?"

"तुमी लय खुशीत होते, सर."

सर उठले, धोतर झटकलं आणि समितीकडे वळले. चाचणी नापास झाली आहे, असं त्यांनी वर्गात निकाल सांगावा तसं सांगितलं. दोष यंत्राचा कमी आणि यंत्र करणाऱ्याचा जास्त, कारण बारा वर्षांत तो एकदाही खाली वाकला नाही. चार हजारांची योजना इथेच थांबवावी, अहवाल मी स्वतः लिहीन. सचिवांनी आता बूट घालायला हरकत नाही ना, एवढं विचारलं. तोवर रामीबाई आणि तिच्या सोबतिणींनी नळ्या बाजूला ठेवून, सवयीप्रमाणे हाताने वेचत, कपाशीचा तो अख्खा तास संपवलाही होता.

परतीच्या बसमध्ये गोविंदा डावा पाय उघडा ठेवून बसला. टाचेला मोठा फोड आला होता. सरांची मान आपणच आपल्या हाताने खाली घातली, हा एकच विचार त्याच्या डोक्यात होता. करंजी गेल्यावर मथुराबाईने मांडीवरची पिशवी उघडली. आतून टायरच्या चपलांचा जोड काढला आणि त्याच्या पायांपुढे ठेवला.

"सकायपासून संगच होत्या," ती म्हणाली. "बूट चावले तं येताना घालसान म्हनून घेतल्या होत्या."

गोविंदा चपलांकडे बघत राहिला. "मंग तिथं काहून नाई देल्या?"

"देल्या असत्या तं तुमी पाय काढला नसता."

तिने पदराने त्याच्या टाचेची माती हलक्या हाताने पुसली. पुसताना तिचेच डोळे वाहत होते, आणि ते तिने लपवलेही नाहीत.

पुढचं पेपरात चार ओळींत आलं. संक्रांतीनंतर मंत्रिमंडळात फेरबदल झाला, त्यात सरांचं नाव नव्हतं. स्वतःच्याच योजनेविरुद्ध अहवाल लिहिणारा मंत्री कुणाला परवडणार? सर यवतमाळला परत आले, असं गोविंदाला कळलं. पण त्यांच्या घरावरून जायचं म्हटलं, की तो लांबची गल्ली धरायचा. जाऊन या, असं मथुराबाईने तीनदा सांगून पाहिलं. काय तोंड घेऊन जाऊ, असं तो तीनदा म्हणाला.

होळीच्या आधीच्या रविवारी दारात टेम्पो थांबला. पुढून सर उतरले, मागून कुंदावहिनी उतरल्या आणि टेम्पोबरोबर आलेल्या चौघांनी मिळून कुंदा-दोनला खाली उतरवलं. गोविंदा दाराच्या चौकटीला धरून उभा राहिला. पाया पडावं, माफी मागावी की पाणी आणावं, यातलं त्याला काहीच सुचेना. सरांच्या हातात जुनी, कापडी पाठीची वही होती.

"गोविंदा," सर म्हणाले, "तुझा पाय कधी दाबतो, किती दाबतो आणि कधी सोडतो, ते मला लिहून घ्यायचंय. एकतीस वर्षं शिकवलं, पण एवढंच माझ्याकडे नाही."

"थे सांगता नाई येत, सर. पायालेच समजते."

"मग माझ्या पायाला शिकव."

मुंबईत कुणी त्यांना असं बोलताना ऐकलं असतं, तर विश्वास बसला नसता. अंगणात यंत्र सुरू झालं. मथुराबाईने गादीचा जुना कापूस नळीपुढे धरायला घेतला. सरांनी हात मागे बांधले, तोंड सरळ ठेवलं आणि डावा पाय पुलीवर ठेवला. चौथ्या मिनिटाला यंत्र बंद पडलं. दुसऱ्यांदा पाचव्या मिनिटाला पडलं. गोविंदाला आधी संकोच वाटत होता. पण तिसऱ्या वेळी सत्तावीस वर्षांच्या प्रयोगशाळेने उचल खाल्ली. घाई करून राह्यले सर, तो म्हणाला. पोतं भरत आलं की दाब सोडा, पट्ट्याचा आवाज ऐका, खाली पाहू नका. मग सरांनी वहीत लिहिलेला आकडा त्याने डोळे बारीक करून पाहिला आणि वही परत दिली.

"पुन्यांदा घ्या," गोविंदा म्हणाला.

सरांनी निमूटपणे आकडा पुन्हा घेतला. कुंदावहिनी पायरीवर बसून शेंगा सोलत होत्या. माझ्या नावाच्या वस्तूकडे हे इतका वेळ खाली मान घालून बघताहेत, हे मी पहिल्यांदाच पाहते आहे, असं त्या मथुराबाईला म्हणाल्या. दुपारी जेवणं तिथेच झाली. पुढच्या रविवारी टेम्पो आला नाही, कारण यंत्र आता गोविंदाच्या अंगणातच राहिलं होतं. सर तेवढे सायकलने आले. नंतर ते रविवारची वाट बघेनासे झाले.

बसस्टँडजवळच्या म्हाताऱ्याकडे वैशाखात एकदा दोन गिऱ्हाइकं बरोबरच आली. एक नेहमीचं होतं. दुसरा जाड चष्म्याचा, नाकाला काहीतरी पांढरं लागलेला गृहस्थ होता. त्याच्या पायात टायरच्या तळव्याच्या कोऱ्या चपला होत्या, आणि त्यातल्या डावीच्या टाचेला आडवी खाच पडलेली होती. म्हाताऱ्याने एकदा त्या चपलेकडे पाहिलं, एकदा गोविंदाच्या चपलेकडे पाहिलं, मग मान वर करून दोघांकडे पाहिलं. या वेळी त्याने काही विचारलं नाही. दोन्ही डाव्या चपला शेजारी शेजारी उलट्या ठेवल्या आणि एकाच टायरमधून दोन तुकडे कापायला घेतले.